तळटीप : ‘शिरा’

१. शिरा : जमिनीखालून वाहते अशी समजूत असलेली पाण्याची धार. लेखक तिला ‘ऊर्जेची वाट’ म्हणतो, ती त्याची स्वतःची भर. कल्पना मात्र जुनी. सहाव्या शतकात वराहमिहिराने ‘बृहत्संहिते’त अंगातल्या रक्तवाहिन्यांसारख्या भूमीतल्या शिरा कल्पून झाडे, वारुळे यांवरून त्या ओळखण्याच्या खुणा दिल्या. माण-खटाव काय किंवा जत-आटपाडी काय, दुष्काळी भागात पाणी शोधून देणाऱ्या पाणाड्याच्या तळहातावर नारळ उभा राहतो नि शेतकरी कर्ज काढून बोअर मारतो. पाणाड्याच्या हातातली बेचक्याची काठी वळते ती धरणाऱ्याच्या स्नायूंच्या नकळत हालचालीने. अशा हालचालींचे स्पष्टीकरण शरीरशास्त्रज्ञ विल्यम कार्पेंटर यांनी १८५२ मध्येच दिले होते. प्रत्यक्षात इथले पाणी अशा धारेत नव्हे, तर काळ्या कातळाच्या भेगांत आणि मुरमात साठते. — संपादक