नोकरीची मोजणी कोणत्या दिवसापासून?

सरकारी कचेरीत दोन माणसे भेटली, की प्रकृतीच्या आधी ज्येष्ठता यादीची चौकशी करतात, असे थट्टेने म्हटले जाते. पण त्याच यादीवर माणसाची बढती, पगार आणि अखेरीस पेन्शन ठरते. म्हणून तिचा इतिहास हा केवळ कायद्याचा इतिहास नव्हे. श्रमाचे दिवस कोणी व कसे मोजायचे, याचा तो इतिहास आहे. मी वकील नाही. शाळा दहावीनंतर सुटली. कायदा शिकलो तो सभासदांचे अर्ज लिहिता लिहिता. तेव्हा एकच प्रकरण सांगतो, पण ते आपल्या घरचे आहे.

जुन्या मुंबई सरकारच्या बांधकाम खात्यात उपअभियंत्याच्या जागेवर माणसे दोन वाटांनी येत. काही सरळ भरतीने, तर काही खालच्या जागेवर वर्षानुवर्षे राबून बढतीने. काम एकच, जबाबदारीही एकच. १९४१ च्या नियमांप्रमाणे बढतीवाला त्या जागेवर अखंड काम करू लागला, त्या दिवसापासून त्याची ज्येष्ठता धरीत. पुढे २९ एप्रिल १९६० रोजी, म्हणजे महाराष्ट्र राज्य स्थापन होण्याच्या दोनच दिवस आधी, नवे नियम निघाले. त्यांनी बढतीवाल्याची ज्येष्ठता 'कायम' होण्याशी बांधली. एखाद्या वर्षी सरळ भरती झालेले सारे तरुण, त्या वर्षी कायम झालेल्या बढतीवाल्यांच्या वर बसू लागले.

आता कायम करणे कोणाच्या हाती? सरकारच्या! जागा रिकाम्या असूनही माणसे वर्षानुवर्षे 'स्थानापन्न' म्हणून ठेवली जात. माझ्या ओळखीचे एक गृहस्थ असेच स्थानापन्न राहून निवृत्त झाले. निरोपाच्या दिवशी हार मिळाला. यादीत वरचा क्रमांक मात्र कधी मिळाला नाही.

बढतीवाले अभियंते न्यायालयात गेले. 'पटवर्धन विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या नावाने ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोचले, आणि १९७७ मध्ये न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी निकाल दिला. कायम होणे हे ना माणसाच्या कर्तबगारीवर अवलंबून असते, ना रिकाम्या जागेवर; सरकारी नोकरीतली ती एक लाजिरवाणी अनिश्चितता आहे, असा त्याचा आशय होता. दाखलाही मोठा मार्मिक दिला: एक गृहस्थ उच्च न्यायालयाचे न्यायाधीश म्हणून कायम झाले, आणि जिल्हा न्यायाधीश म्हणून कायम झाले ते त्यानंतर काही वर्षांनी! राज्यघटनेच्या चौदाव्या व सोळाव्या कलमांतील समानतेच्या विरुद्ध म्हणून ते नियम रद्द झाले. इतर गोष्टी समान असतील, तर अखंड केलेले काम हाच ज्येष्ठतेचा पाया, हे तत्त्व मान्य झाले.

वाद येथे मिटला नाही. सरळ भरतीवाल्यांनी त्याच प्रश्नावर पुन्हा दाद मागितली. २ मे १९९० रोजी घटनापीठाने निर्णय दिला: नियमानुसार नेमणूक झाली असेल, तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिवसापासून मोजावी, कायम झाल्याच्या दिवसापासून नव्हे. मात्र नियम डावलून तात्पुरती सोय म्हणून दिलेली जागा त्यात धरू नये. ही दुसरी बाजू आमचे पुष्कळ कार्यकर्ते विसरतात आणि सभासदांना खोटी आशा लावतात.

साठ सालचे नियम रद्द व्हायला सतरा वर्षे लागली, आणि तत्त्व पक्के व्हायला आणखी तेरा. तीस वर्षे म्हणजे एका माणसाची सबंध नोकरी. आणि या काळात भांडले कोण? एकाच टेबलाशी बसणारे दोघे. ज्याने वेळेवर माणसे कायम केली नाहीत, ते सरकार मात्र प्रतिवादी असूनही त्रयस्थासारखे उभे राहिले. न्यायालयाने दोघांपैकी कोणाला वर बसवायचे ते सांगितले. गेलेली वर्षे कोणालाच परत दिली नाहीत.

म्हणून माझे सांगणे साधे आहे. नेमणुकीचा हुकूम जपून ठेवा. कच्ची यादी लागली की त्याच आठवड्यात वाचा आणि हरकत लेखी द्या, कारण उशिरा आलेल्याला न्यायालय सहसा उभे करीत नाही. आणि शेजारच्या टेबलावरच्या माणसाला शत्रू मानण्यापूर्वी, फाईल कोणी अडवली, याची चौकशी दोघांनी मिळून करा.