यंत्रभाषेकडून फोरट्रानकडे : मुंबईतील संगणनाचे एक पर्व

प्रस्तावना :
संगणकाच्या इतिहासात यंत्रांची नोंद ठळकपणे होते. यंत्राला आज्ञा देण्याच्या भाषा मात्र दुर्लक्षित राहतात. वस्तुतः संगणक कोणी वापरावा, हे यंत्राइतकेच भाषेनेही ठरविले. प्रस्तुत लेखात या विधानाचा विचार मुंबईच्या संदर्भात केला आहे.

टिफ्रॅकची यंत्रभाषा :
टाटा मूलभूत संशोधन संस्थेत १९५४ मध्ये आर. नरसिंहन यांच्या पुढाकाराने संगणकाच्या आराखड्याचे काम सुरू झाले. १९५६ मध्ये प्राथमिक यंत्र तयार झाले, तर १९६० मध्ये पूर्ण यंत्र कार्यान्वित झाले. संस्थेच्या कुलाबा येथील नव्या वास्तूच्या उद्घाटनप्रसंगी, जानेवारी १९६२ मध्ये, पंडित नेहरूंनी त्याचे ‘टिफ्रॅक’ असे नामकरण केले. त्याची स्मृती २०४८ शब्दांची व प्रत्येक शब्द ४० द्विमान अंकांचा होता. त्यासाठी आज्ञावली यंत्रभाषेत लिहावी लागे. दोन संख्यांची बेरीज करावयाची, तरी क्रियेचा संकेतांक आणि संख्यांचे स्मृतीतील स्थानांक सांगणे आवश्यक असे. मध्येच एखादी आज्ञा घालावयाची झाल्यास पुढील स्थानांकही बदलावे लागत. साहजिकच यंत्राची अंतर्रचना जाणणाऱ्यांपुरताच हा व्यवहार मर्यादित राहिला.

उच्चस्तरीय भाषांचे आगमन :
अमेरिकेत जॉन बॅकस व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९५७ मध्ये फोरट्रान ही भाषा सिद्ध केली. गणिती सूत्र जवळजवळ जसेच्या तसे लिहावे आणि कंपायलरने त्याचे यंत्रभाषेत रूपांतर करावे, ही त्यामागील कल्पना. १९६४ मध्ये कुलाब्यास सीडीसी ३६०० हा संगणक आला आणि फोरट्रानचा वापर रूढ झाला. इतर संस्थांतील संशोधकांनाही आपले गणित स्वतः मांडता येऊ लागले.

कार्यालयीन व्यवहारासाठी १९६० च्या सुमारास कोबोल ही भाषा तयार झाली. मुंबईत एस्सो कंपनीने १९६१ मध्ये आयबीएम १४०१ हा संगणक बसविला. पुढे विमा, बँक आदी क्षेत्रांतील कर्मचारी संघटनांनी नोकऱ्यांच्या भीतीने संगणकाला विरोध केला. हा प्रश्न तपासण्यासाठी १९६९ मध्ये अर्थतज्ज्ञ वि. म. दांडेकर यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमण्यात आली; तिचा अहवाल १९७२ मध्ये सादर झाला. यंत्राशी बोलू शकणारा आणि यंत्रामुळे धास्तावलेला, असे दोन वर्ग एकाच शहरात निर्माण झाले होते.

समारोप :
टिफ्रॅक येथे घडले. फोरट्रान मात्र परदेशी यंत्रासोबत आले. उच्चस्तरीय भाषेने द्विमान अंकांची भिंत पाडली, हे निर्विवाद होय. तथापि ‘रीड’, ‘राइट’, ‘गो टू’ या तिच्या आज्ञा इंग्रजी होत्या. मराठी माध्यमातून आलेल्या विद्यार्थ्यापुढे त्यामुळे एक भिंत पडून दुसरा उंबरठा उभा राहिला. भाषांच्या इतिहासाचे महत्त्व या प्रश्नात सामावलेले आहे.