सावल्या शून्य

परवा नातवाच्या खोलीत डोकावले, तर स्वारी लॅपटॉपवर भलतीच गंभीर होऊन बसली होती. वाटले, शाळेचा प्रकल्प वगैरे असेल. जवळ जाऊन पाहते तो नोटपॅडमध्ये ओळींमागून ओळी. प्रत्येक ओळीत एक शब्द, पुढे बरोबरचे चिन्ह आणि मग एक आकडा.

"काय रे हे?"

"आजी, गेममधल्या सावल्या शून्य करतोय. मग तो अडकत अडकत नाही चालणार."

सावल्या शून्य! मंडळी, इतकी वर्षे मराठी माध्यमात इतिहास शिकवला, पण असे वाक्य कधी कानावर आले नव्हते. मग काय, बसले त्याच्या शेजारी आणि विचारत सुटले. त्याने सांगितले ते थोडे, आणि नंतर मी स्वतः वाचून काढले ते बरेच.

आधी सावल्यांचे सांगते. खेळातले चित्र एका सेकंदात तीस-साठ वेळा नव्याने काढले जाते. सावली हवी असेल तर यंत्राला तोच देखावा आणखी एकदा, दिव्याच्या जागेवरून पाहिल्यासारखा काढावा लागतो. उजेड कुठे अडतो ते त्यातून कळते. म्हणजे कामाची भर पडलीच. जुन्या लॅपटॉपचा दम तिथेच निघतो. सावलीपुढे शून्य लिहिले की ते काम वाचते. झाडाखाली ऊन-सावलीचा खेळ दिसत नाही, पण खेळणारा पळू तर शकतो!

आता ही फाइल खेळणाऱ्याला उघडता येते हेच मुळात कसे? इथे माझ्यातली इतिहासाची बाई जागी झाली.

आमच्या घरी पहिला संगणक आला तो बुधवारातल्या तपकीर गल्लीतून सुटे भाग आणून जोडलेला. तेव्हा डॉसचे राज्य होते. यंत्रात मेमरी कितीही बसवा, डॉसच्या प्रोग्रामांना मुख्यतः पहिल्या ६४० किलोबाइटमध्येच संसार करावा लागे. त्यातच माउस, सीडी, आवाज यांची छोटी छोटी प्रकरणे जागा अडवून बसत, आणि मोठा खेळ सुरू करायला गेले की जागा पुरत नाही असा संदेश येई. उपाय होता 'कॉन्फिग डॉट सिस' आणि 'ऑटोएक्झेक डॉट बॅट' या दोन फायलींमध्ये. साध्या अक्षरांच्या फायली, कुणीही उघडाव्या. एखादी ओळ अशी लिहायची की ती प्रकरणे वरच्या मजल्यावर जातील आणि खाली जागा मोकळी होईल. १९९३ साली आलेल्या डॉसच्या सहाव्या आवृत्तीत तर सुरुवातीलाच यादी दाखवायची सोय होती. एक वाट कामाची, दुसरी खेळाची. आमच्या घरी दुसरी वाट जास्त मळलेली होती हे सांगायला नकोच.

माझ्या मुलाची एक दोनशे पानी वही होती. त्यात या ओळी मित्रांकडून उतरवून घेतलेल्या. त्या मित्रांनी आणखी कुणाकडून. अगदी पोथ्यांच्या नकला चालत तसे! आणि पोथ्यांप्रमाणेच लेखनिकाचे प्रमादही. कुठे एक स्वल्पविराम गळला की पुढच्या सगळ्या नकलांत तो गळलेलाच. फरक एवढाच, की पोथीतली चूक शतकभर झाकून राहते, इथली यंत्र सुरू करताच उघडी पडते.

त्याच वर्षी, १० डिसेंबर १९९३ ला, अमेरिकेतल्या इड सॉफ्टवेअरचा 'डूम' आला. (राक्षसांना गोळ्या घालण्याचा खेळ. मला काही तो बघवत नसे.) त्याच्यासोबत 'डीफॉल्ट डॉट सीएफजी' नावाची फाइल असे. तिच्यात 'स्क्रीनब्लॉक्स' आणि 'डीटेललेव्हल' असे शब्द. पहिल्याचा आकडा कमी केला की खेळाची खिडकी आक्रसत जाई. दुसऱ्यापुढे एक लिहिले की आडव्या ३२० ठिपक्यांऐवजी १६० च काढायचे आणि प्रत्येक दुप्पट रुंद करायचा. चित्र भरड होई, पण काम निम्म्यावर येई. हे खेळ चालू असतानाही बदलता यायचे, आणि बाहेर पडताना खेळ स्वतःच ते फायलीत लिहून ठेवी. ३८६ च्या यंत्रावर पोरे पोस्टाच्या तिकिटाएवढ्या चौकोनात डोळे खुपसून 'डूम' खेळत ती याच जोरावर. नवे यंत्र घेणे ज्याला परवडत नाही, त्याला एका आकड्याने आत घेतले होते. ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते.

पुढे विंडोजचे दिवस आले. फायलींचे आडनाव 'आयएनआय' झाले, चौकटी कंसात मथळे आले, पण घडण तीच. नाव, बरोबरचे चिन्ह, किंमत. (आपल्यातल्या जुन्या ब्लॉगकरांना एक्सपीचे दिवस आठवत असतील. मराठी जोडाक्षरे फुटकी दिसत, मग कंट्रोल पॅनेलमध्ये जाऊन एका चौकोनात खूण करायची आणि विंडोजची सीडी शोधायची. तेही असलेच उद्योग. असो.)

नंतर मात्र गरिबीची ही सोय स्पर्धेचे हत्यार झाली. १९९९ च्या 'क्वेक ३' मध्ये 'आर पिकमिप' या नावापुढचा आकडा वाढवला की भिंतींवरचे विटा-दगड पुसट होऊन सपाट रंग उरत. त्या सपाट रंगावर शत्रू ठळक उठून दिसे! चांगली यंत्रे असलेले खेळाडूही मुद्दाम भिंती पुसून खेळू लागले. तेव्हा समोरासमोरच्या सामन्यांच्या खेळांत कंपन्यांनी काही आकड्यांना कुलूप लावायला सुरुवात केली, त्यात मला गैर वाटत नाही. परीक्षेला सगळ्यांना एकच प्रश्नपत्रिका हवी.

पण सगळीच कुलुपे न्यायाची नसतात. २००७ मध्ये 'क्रायसिस' आला. त्यातले सर्वात सुंदर चित्र फक्त नव्या व्हिस्टावर दिसणार असे सांगितले गेले, एक्सपीवाल्यांना ती पायरी यादीत निवडताच येईना. मग काहींनी फायली उघडल्या, वरच्या पायरीचे आकडे खालच्या पायरीत लिहिले, आणि बहुतेक सगळी शोभा एक्सपीवर अवतरली. 'तुमच्या यंत्राला झेपणार नाही' आणि 'तुम्हाला द्यायचे नाही' यांतला फरक त्या साध्या फायलीमुळे कळला.

आता खेळ फोनवर गेले. आपल्या पुण्याच्या सुपरगेमिंगने ऑक्टोबर २०२४ मध्ये आणलेला 'इंडस'सुद्धा आधी फोनवरच आला. फोनवरची गोष्ट निराळी. २ सप्टेंबर २०२० ला सरकारने बंदी घातली त्या 'पबजी मोबाइल'मध्ये अशी फाइल होती, पण तिच्यातल्या ओळी सांकेतिक अक्षरांत लिहिलेल्या. ती बाहेरून बदलली तर खातेच बंद होण्याची भीती. त्याच वर्षी अँड्रॉइडची अकरावी आवृत्ती आली आणि खेळांच्या फायली ठेवलेल्या फोल्डरवरच बंधने आली. एका अ‍ॅपने दुसऱ्याची माहिती चोरू नये हा त्यामागचा हेतू चांगला आहे, मला पटतोही. पण स्वस्त फोन घेऊन बसलेल्या पोराला त्याच्या फोनसाठी किती सावल्या परवडतील हे आता दुसरेच कुणी ठरवते. एकट्याने खेळायच्या खेळात तरी हा आकडा त्याच्या हाती असायला हवा होता, असे मला राहून राहून वाटते.

संगणकावर अजून ते दार बरेचसे उघडे आहे. 'डूम'ची मूळ आज्ञावली कंपनीने १९९७ साली खुली केली, त्यामुळे तो खेळ आजच्या यंत्रांवरही चालवता येतो. 'चॉकलेट डूम' नावाचे त्याचे एक रूप आहे. ते 'डीफॉल्ट डॉट सीएफजी' तशीच वाचते, १९९३ च्या त्याच शब्दांनिशी. करणाऱ्यांना स्वतःच्या आणखी काही ओळी हव्या होत्या, तर त्यांनी त्यासाठी शेजारी दुसरी फाइल केली आणि जुनीत आपली भर घातली नाही.