हुगळीच्या तुरुंगातला माधब काओरा

संमोहनाचा इतिहास म्हटला की आम्हाला गोऱ्या डॉक्टरांचीच नावे सांगितली जातात. मेस्मर, ब्रेड आणि भारतापुरते बोलायचे तर जेम्स एस्डेल. ज्याच्या देहावर भारतातला हा इतिहास सुरू झाला, त्या माधब काओराचे नाव कोण घेतो?

4 एप्रिल 1845. बंगालमधील हुगळी, तुरुंगाचा दवाखाना. डुकरांचा व्यापार करणारा माधब सात वर्षांची सजा भोगत होता, बेड्यांसह रस्त्यावर राबण्याची. काओरा ही डुकरे पाळणारी म्हणून अस्पृश्य ठरवलेली जात. आज ती पश्चिम बंगालच्या अनुसूचित जातींच्या यादीत आहे. अंडवृद्धीवरच्या उपचाराने माधब वेदनेने तळमळत होता. एस्डेलने मेस्मेरिझम तोवर फक्त वाचले होते, कधी पाहिलेही नव्हते. ते त्याने या कैद्यावर करून पाहिले. माधब गाढ गुंगीत गेला. मग जज्ज आणि कलेक्टर यांना बोलावले गेले. टाचण्या टोचल्या, गुडघ्याला विस्तव लावला. वेदना तर आधीच शमली होती, मग हे चटके कुणाच्या उपचारासाठी? इथेच दवाखान्याचा खेळ झाला.

एस्डेलने पुढे गुंगीत शेकडो शस्त्रक्रिया केल्या, मणभर वजनाच्या गाठी काढल्या. क्लोरोफॉर्म येण्याआधी गोरगरिबांची वेदना त्याने कमी केली, हे आम्ही नाकारत नाही. (तासन्‌तास हात फिरवण्याचे काम बहुतेक वेळा त्याचे देशी मदतनीस करीत, हेही सांगायला हवे.) पण बंगाली माणूस लवकर गुंगीत का जातो, याचे त्याने दिलेले कारण आम्हाला मान्य नाही. तो म्हणे, ही प्रजाच अशक्त आणि शांत स्वभावाची. अहो, साखळदंडातला अस्पृश्य कैदी साहेबापुढे शांत बसणार नाही तर काय करणार? त्याला 'नको' म्हणण्याची सोय होती का? आणि एस्डेलचे विरोधक काय म्हणाले? हे रुग्ण पक्के ढोंगी आहेत! माधबला कसे वाटले, हे दोघांपैकी कुणालाच महत्त्वाचे वाटले नाही.

संमोहनाच्या जाहीर खेळांवर बंधने घालणारा कायदा ब्रिटनने 1952 मध्ये केला. 21 वर्षांखालच्यांना रंगमंचावर संमोहित करायला बंदी आली. शास्त्रीय प्रयोग आणि उपचार मात्र त्यातून वगळले. जज्ज-कलेक्टरसमोरचा तो विस्तव या कायद्याने कुठल्या रकान्यात टाकला असता?