चंद्रकांत पंडित : यष्टिरक्षक ते प्रशिक्षक
मुंबईत १९६१ साली जन्मलेले यष्टिरक्षक-फलंदाज चंद्रकांत पंडित १९८६ ते १९९२ या काळात भारताकडून ५ कसोटी व ३६ एकदिवसीय सामने खेळले. पुढे ते मध्य प्रदेशाचे कर्णधार झाले. १९९८-९९च्या रणजी करंडकाच्या अंतिम सामन्यात मात्र बंगळूर येथे कर्नाटकाकडून पराभव पत्करावा लागला. निवृत्तीनंतर त्यांनी प्रशिक्षणाची वाट धरली. मुंबईला तीनदा करंडक मिळवून दिल्यावर, तोवर एकदाही अंतिम फेरी न गाठलेल्या विदर्भाची सूत्रे त्यांनी स्वीकारली. फैज फजलच्या नेतृत्वाखाली विदर्भाने २०१७-१८मध्ये इंदूरला दिल्लीस नमवले आणि पुढच्याच मोसमात नागपूरनजीकच्या जामठा मैदानावर सौराष्ट्रावर ७८ धावांनी मात केली. २०२२मध्ये बंगळूरच्या त्याच मैदानावर मध्य प्रदेशाने मुंबईला हरवून पहिला करंडक पटकावला, आणि कर्णधार म्हणून राहिलेले शल्य प्रशिक्षक म्हणून दूर झाले.