बालनायकाचे रूपांतर

बालकथामाला चित्रपटात उतरते तेव्हा कथानकाइतकाच नायकही पालटतो. पोलिश लेखक यान ब्झेख्वा ह्यांच्या क्लेक्स-कथात्रयीचा पहिला भाग १९४६ साली प्रसिद्ध झाला. त्यातील आदाश ह्या मुलाची जागा २०२४ च्या चित्रपटात आदा ह्या मुलीने घेतली. मराठीत भा. रा. भागवत (१९१०–२००१) ह्यांच्या फास्टर फेणेने लिंग नव्हे, वय बदलले. फुरसुंगीहून पुण्याच्या शाळेत आलेला, सायकलीवर भटकणारा बनेश आदित्य सरपोतदार दिग्दर्शित २०१७ च्या चित्रपटात वैद्यकीय प्रवेशपरीक्षेला बसणारा तरुण झाला; खुद्द भागवतही दिलीप प्रभावळकरांच्या रूपाने त्यात पात्र म्हणून अवतरले.

मग नायकाची ओळख कशात राहते? पुस्तकांत ती पुष्कळशी ‘ट्टॉक्’ ह्या उद्गारात आहे. जीभ टाळूला लावून काढलेल्या ह्या ध्वनीस मराठी वर्णमालेत स्वतंत्र वर्ण नाही. म्हणून भागवतांनी जवळची अक्षरे योजली आणि उरलेला उच्चार बालवाचकाच्या जिभेवर सोपविला. पडद्यावर तो नटाच्या मुखाने कायमचा ठरतो. नायक मोठा झाल्याने कथा नव्या पिढीच्या प्रश्नांना भिडली, हा लाभ खरा. परंतु वाचकाचा तो लहानसा वाटा संपला, ही हानीही नोंदविली पाहिजे.