कागदावर नसलेली माणसं

स्मरणिका समितीने मला "काका, तुम्ही इतिहासाचं काहीतरी लिहा" असं सांगितलं, तेव्हा नेहमीप्रमाणे मी पेशव्यांपासून सुरुवात केली. सदाशिव पेठेत राहून दुसरं काय सुचणार? आपल्या पेठेतच भारत इतिहास संशोधक मंडळ आहे. वि. का. राजवाडे आणि खं. चिं. मेहेंदळे यांनी ते 1910 साली स्थापन केलं. जुने दफ्तर, मोडीतले कागद गोळा करून त्यांनी इतिहास वाचवला. पण ज्यांचा कागदच नाही, त्यांचं काय?

हा प्रश्न मला सुमित्रा भावे यांच्यामुळे पडला. त्या पुण्याच्याच, जन्म 1943 चा. पुढे 'कासव'ला सुवर्णकमळ मिळालं तेव्हा सगळ्यांना नाव माहीत झालं, पण त्या मुळात समाजशास्त्राच्या अभ्यासक. कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवत. 'स्त्रीवाणी' या प्रकल्पात त्यांनी झोपडवस्तीतल्या बायकांशी तासन् तास बोलून त्यांच्या आयुष्याच्या कहाण्या नोंदवल्या. आठ दलित स्त्रियांच्या कहाण्यांचं इंग्रजी पुस्तक 1988 साली निघालं. मात्र ज्यांच्याविषयी लिहायचं त्यांनाच वाचता येत नसेल, तर छापील अहवाल कोणासाठी? म्हणून बाई कॅमेऱ्याकडे वळल्या. कुठल्या फिल्म स्कूलमध्ये गेल्या नव्हत्या. 1985 साली 'बाई' हा लघुपट केला, त्याला कुटुंबकल्याणावरील चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मग 1987 मध्ये 'पाणी'. एप्रिल 2021 मध्ये त्या गेल्या.

आता आपल्या घरचं सांगतो. आपली इमारत उभी राहिली त्या जागी वाडा होता, हे नव्या मंडळींना ऐकून माहीत असेल. पुनर्विकासाच्या वेळी भाडेकरूंची यादी मीच तपासली, कारण काय तर मी बँकेतला! भाडेपावती, रेशनकार्ड, लाइटबिल, सगळं नीट लावून घेतलं. जिन्याखालच्या खोलीत एक मावशी राहत. वाड्यातल्या सात घरची धुणीभांडी करत, बाळंतिणींना न्हाऊ घालत. त्यांच्याकडे पावती नव्हती. यादीत नाव आलं नाही. कोणी हरकत घेतली नाही, मीही नाही. फाइल अगदी चोख होती. मावशी सामान बांधून भाचीकडे गेल्या, कुठल्या गावी ते विचारायचंही राहून गेलं. त्यांचं पूर्ण नाव आज आमच्यापैकी एकालाही सांगता येत नाही.

भूमिपूजनाची व्हीएचएस कॅसेट माझ्या कपाटात आहे. नारळ फुटल्यावर पेढे वाटताना त्या दोन-तीन सेकंद दिसतात, असं सौ. म्हणते. टेपला बुरशी लागली आहे. लक्ष्मी रोडजवळच्या एका दुकानात दाखवली, ते म्हणाले, प्रयत्न करू. जुन्या भाडेकरूंपैकी कोणाच्या लग्नाच्या, मुंजीच्या फोटोत मावशी असतील तर कृपया मला दाखवा. मी दुपारी चारनंतर घरीच असतो.